सफरचंदाची साल

मुलीचं लग्न लावून बाप एकटाच घरी येतो. खुर्चीत बसतो, सफरचंद घेतो, सुरीने सोलू लागतो. साल न तुटता लांबत जाते. मग हात थांबतो. साल खाली पडते आणि मान हळूहळू झुकते. बस्स. जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूंच्या १९४९च्या ‘बान्शुन’ चित्रपटातला हा शेवट मी कितीदा पाहिला, मोजलेलं नाही.

ओझूंना तिथे खरं तर हंबरडा हवा होता. बापाने ऊर फुटून रडावं, असं त्यांनी सांगितलं. बापाचं काम करणारे चिशू ऱ्यू म्हणाले, हे काही मला जमणार नाही. मान किती वळवायची, पेला कुठे ठेवायचा, हेसुद्धा ओझू ठरवत आणि ऱ्यू निमूट तसं करत. त्या माणसाने एवढ्या एका गोष्टीला नाही म्हटलं. ओझूंनीही ताणून धरलं नाही.

हे न रडणं अभिनयाचं होतं की स्वभावाचं? मला वाटतं, स्वभावाचंच. १९०४ साली कुमामोतोकडच्या एका बौद्ध मंदिरात, पुजाऱ्याच्या घरी ऱ्यू जन्मले. पुढे मंदिर त्यांनीच सांभाळायचं, म्हणून टोकियोच्या तोयो विद्यापीठात त्यांना भारतीय तत्त्वज्ञान शिकायला पाठवलं. (आपली दर्शनं शिकायला गेलेला हा मुलगा वर्गात किती बसला, देव जाणे.) १९२५ला ते शोचिकू कंपनीच्या स्टुडिओत उमेदवारीला लागले. मंदिर सुटलं, पण पडद्यावर जागा मिळेना. दहाएक वर्षं गर्दीतला एक चेहरा म्हणून गेली. बोलपट आले, तर जिभेवरची कुमामोतोची बोली हटेना. ती शेवटपर्यंत हटली नाही.

म्हातारपण मात्र लवकर आलं. १९५३च्या ‘टोकियो स्टोरी’त ते सत्तरीचे आजोबा झाले, तेव्हा स्वतः होते ४९ वर्षांचे. पडद्यावरची बायको त्यांच्याहून चौदा वर्षांनी मोठी, थोरला मुलगा जेमतेम सहा वर्षांनी लहान! पाहताना हे हिशेब सुचतही नाहीत. बायको पहाटे जाते. म्हातारा बाहेर जाऊन उभा राहतो. सून शोधत येते, तर तिला म्हणतो की सूर्योदय छान झाला, आज उकडणार बहुतेक. दुःखाच्या घरात माणसं खरंच हवेविषयी बोलतात. आमच्याकडेही बोलली होती.

पुढे खरं वय त्या सोंगाला गाठत गेलं, तरी दिग्दर्शकांचं समाधान होईना. पंच्याऐंशी उलटलेल्या ऱ्यूंना कुरोसावांनी ‘ड्रीम्स’मध्ये १०३ वर्षांचं केलं. आणि ज्या मंदिरातून ते निसटले होते, त्याने तर त्यांचा पिच्छाच पुरवला. १९६९ ते १९९२, लोकप्रिय ‘तोरा-सान’ मालिकेत ते शिबामाताच्या तैशाकुतेन देवळाचे वृद्ध पुजारी होते. तैशाकुतेन म्हणजे आपलाच इंद्र. पहिल्याच चित्रपटात फोटो काढताना ‘चीज’ म्हणायचं तर हे गंभीर चेहऱ्याने ‘बटर’ म्हणतात. मला तो ‘बटर’ सफरचंदाइतकाच आवडतो. समीक्षकांनी माफ करावं.

ओझू १९६३मध्ये गेले. वीस वर्षांनी जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्स त्यांच्या खुणा शोधत टोकियोला आले, ऱ्यूंना भेटले. काही बायकांनी या म्हाताऱ्याला ओळखलं आणि लगबगीने गाठलं. ओझूंचा नट म्हणून नव्हे. नुकतंच टीव्हीवर पाहिलं होतं म्हणून. ऱ्यू संकोचले.

किता-कामाकुराच्या स्मशानात ओझूंच्या दगडावर नाव नाही, एकच अक्षर आहे: ‘मू’. काही नाही, असा त्याचा अर्थ. ऱ्यू त्या दगडापुढे वाकले. वेंडर्सचा कॅमेरा मागे होता; चेहरा काय करत होता, दिसलं नाही.