राखणे आणि वाटणे

जो ज्ञान राखून ठेवतो त्याचा त्या ज्ञानाशी संबंध कोणता, मालकीचा की कारभारीपणाचा? ग्रंथालयांचे रूप आपल्या डोळ्यांदेखत पालटत असता हा प्रश्न टाळता येत नाही.

पुण्याची भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्था १९१७ साली स्थापन झाली. महाभारताची तिची चिकित्सक आवृत्ती १९६६ साली पूर्ण झाली. ठिकठिकाणची, निरनिराळ्या लिप्यांतील हस्तलिखिते ताडून संपादकांनी एक पाठ स्वीकारला. परंतु जे पाठ वगळले तेही तळटीपांत नोंदवले. आपला निर्णय वाचकाला तपासता यावा, हा त्यामागील प्रामाणिकपणा होय. पुढे ५ जानेवारी २००४ रोजी एका पुस्तकाविषयीच्या रोषातून जमावाने याच संस्थेची नासधूस केली. एकाच ठिकाणी राखलेले धन किती असुरक्षित असते, हे त्या दिवशी दिसले. यास्तव प्रती काढून त्या दूरवर पोहोचवणे हेही रक्षणच आहे.

आज मराठी विश्वकोश संकेतस्थळावर विनामूल्य वाचता येतो. रायपूरजवळील सिलतरा येथील कारखान्यात पाळी संपवून घरी परतलेला एखादा मराठी कामगारही तो आपल्या मोबाइलवर उघडू शकतो. एस. आर. रंगनाथन यांनी १९३१ साली ग्रंथालयशास्त्राची पाच सूत्रे मांडली. ग्रंथ उपयोगासाठी आहेत, हे त्यांतील पहिले. ते येथे फळास आले असे कोणी म्हणेल.

मग ग्रंथपालाचे काम संपले काय? मुळीच नाही. त्या कामगाराच्या त्याच पडद्यावर बिननावाचा, बिनतारखेचा मजकूरही तितक्याच ठळकपणे उमटतो. यातले खरे कोणते हे ग्रंथपालाने परस्पर ठरवून द्यावे, असे मात्र मी म्हणणार नाही. तसे केल्यास तो पुन्हा मालकच होईल. लेखक कोण, वर्ष कोणते, आवृत्ती कितवी, याच्या विरुद्ध कोणी काय लिहिले, हे त्याने वाचकापुढे ठेवावे. निवाडा वाचकाने करावा. वाटणाऱ्याने वस्तूबरोबर तिचा हिशेबही दिला, तरच ते कारभारीपण ठरते.

आणि वाचकहो, हिशेब मागणे हे आपले काम आहे. १९६७ च्या कायद्यान्वये शासनमान्य झालेली सार्वजनिक ग्रंथालये महाराष्ट्रात गावोगावी आहेत. पुढच्या वेळी एखादी चकित करणारी माहिती हाती आली, तर ती दुसऱ्याला पाठवण्यापूर्वी तेथील ग्रंथपालांना एवढेच विचारा: हे मूळ कोठे छापलेले आहे?