खेळ काढून जागा करणें

लॅपटॉपांत जागा पुरेनाशी झाली म्हणजे पहिली कुऱ्हाड खेळांवर पडते. ही गोष्ट सर्वांस इतकी स्वाभाविक वाटते कीं, तींत विचार करण्यासारखें कांहीं असेल अशी शंकाही कोणास येत नाहीं. कामाचे कागद ठेवावे, हिशेब ठेवावे, लग्नकार्याचे फोटो ठेवावे, आणि खेळ काढून टाकावे. ह्यांत नीतीचा प्रश्न तो कोठला? २०२३ सालच्या पावसाळ्यापर्यंत आम्हांसही असेंच वाटत होतें. त्या पावसाळ्यांत जें घडलें त्याची टोचणी आमच्या मनास अजून आहे, म्हणून ह्या विषयावर वाचकांपुढें कांहीं लिहावें असें आम्हीं योजिलें आहे.

आमच्या घरीं लॅपटॉप एकच, आणि वापरणारीं माणसें चार. त्याची साठवण दुकानांतल्या पाटीवर २५६ जीबी होती. पडद्यावर ती २३८ च दिसे. ह्यांत कोणी फसविलें असें मात्र नाहीं. कारखानदार एक जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट धरितो, आणि विंडोज तीच गोष्ट १०२४ च्या पटीनें मोजतें. माप निराळें, धान्य तेंच. एके रात्रीं आम्हांस एका सभेचा व्हिडिओ त्यांत उतरवून घेऊन सकाळीं पुढें पाठवावयाचा होता, आणि यंत्रानें जागा नाहीं म्हणून साफ सांगितलें. घरांत सर्व निजलीं होतीं. आम्हीं सेटिंग्जमधील ॲपची यादी उघडिली व ती आकाराप्रमाणें लाविली. सर्वांत वर मुलाचा मोटारींच्या शर्यतीचा खेळ होता. त्या एकट्यानें ऐंशी जीबीच्या आसपास जागा अडविली होती. तो आम्हीं काढिला. झालें, व्हिडिओपुरती जागा झाली, आणि खरें म्हटलें तर तेथेंच आमचें काम संपलें होतें.

परंतु हात चालू लागला होता. पत्त्यांचा खेळ काढिला, बुद्धिबळ काढिलें, आणि त्याच झपाट्यांत मुलीचा माइनक्राफ्ट हा खेळही काढिला. तो सुमारें एक जीबीचा होता. तेवढ्या जागेसाठीं त्यास हात लावण्याचें कांहींही कारण नव्हतें. काढण्यापूर्वीं विंडोजनें नेहमींप्रमाणें सूचना दिली, कीं हें ॲप आणि त्याच्याशीं संबंधित माहिती काढली जाईल. ‘संबंधित माहिती’ म्हणजे काय ह्याचा आम्हीं क्षणभरही विचार केला नाहीं. उलट यादी आंखूड झालेली पाहून मनास मोठें समाधान वाटलें, आणि आपण घराचें कांहीं हित केलें अशा भावनेनें आम्ही निजलों.

ज्यांस हा खेळ ठाऊक नाहीं त्यांच्यासाठीं दोन शब्द सांगणें अवश्य आहे. माइनक्राफ्ट २००९ सालीं प्रथम लोकांपुढें आला व २०११ च्या नोव्हेंबरांत पूर्ण स्वरूपांत निघाला. २०२३ पर्यंत त्याच्या तीस कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्या. त्यांत एक मोकळें माळरान मिळतें, आणि माती, दगड, लांकूड ह्यांचे चौकोनी ठोकळे एकावर एक रचून ज्याला जें बांधावयाचें तें तो बांधितो. ज्यास मारामारी नको असेल त्यास ती मुळींच करावी लागत नाहीं. २०२० सालीं शाळा बंद पडल्या तेव्हां आमच्या मुलीनें ह्या खेळांत तिच्या आजीचें गांवाकडील घर बांधावयास घेतलें. तें घर २००६ सालीं विकलें गेलें व नव्या मालकानें तें पाडिलें. मुलीनें तें कधीं पाहिलेंच नव्हतें. आजी तिच्याजवळ खुर्ची ओढून बसे आणि सांगे: पडवी इतकी लांब नव्हती, माजघराचें दार ह्या अंगाला, कोनाडा चुलीच्या वर नव्हे, उजवीकडे, विहिरीवर चिंच होती, पिंपळ नव्हे. दोघींचे कित्येक महिने असे गेले. पुढें २०२१ सालीं आजी निवर्तली. मुलगी अधूनमधून तें घर उघडून पाहत असे, हें आम्हांस मागाहून कळलें.

चार दिवसांनीं तिनें लॅपटॉप घेतला. ती ओरडली नाहीं. ‘पप्पा, दादाचा खेळ मोठा होता, तो काढला तें समजलें, माझा कशाला काढला?’ एवढेंच तिनें विचारिलें. आम्हीं म्हटलें, त्यांत काय, आत्तां पुन्हा उतरवून देतों. दहा मिनिटांत खेळ परत आला. उघडून पाहतों तों जगांची यादी रिकामी.

त्या खेळाची विंडोजवरील ती आवृत्ति त्या काळीं बांधलेलीं जगें ॲपच्या स्वतःच्या कप्प्यांतच ठेवीत असे, आणि ॲप गेलें म्हणजे कप्पाही जाई. लॅपटॉप दुरुस्त करणाऱ्या एका गृहस्थांकडे आम्ही गेलों. त्यांनीं समजावून सांगितलें कीं, जुन्या फिरत्या चकत्यांवर पुसलेली फाइल पुष्कळदां खरोखर पुसलेली नसे. अनुक्रमणिकेंतील नांव तेवढें जाई, आणि त्या जागेवर दुसरें कांहीं लिहिलें जाईपर्यंत मजकूर तसाच राही. हल्लींच्या एसएसडीची रीत निराळी आहे. अमुक जागा आतां लागत नाहीं असें विंडोज तिला कळवितें, आणि ती आपल्या सवडीनें ती जागा कोरी करून ठेविते, म्हणजे पुढचें लिहिणें जलद व्हावें. चार दिवस ही सवड पुरेशी होती.

वाचक हो, आतां आम्ही ज्या प्रश्नाकडे येत होतों तो हा. जागा अपुरी असतां कोणती वस्तु आधीं काढावी, हें कशावरून ठरवावें? यंत्र आपणांपुढें एकच माप ठेवितें, तें आकाराचें. आम्ही त्या मापानें चाललों असतों तर पहिल्या खेळापाशींच थांबलों असतों व कोणाचें विशेष नुकसान झालें नसतें. शर्यतीचा खेळ दुसऱ्या आठवड्यांत परत आला, आणि मुलाच्या जिंकलेल्या शर्यतींची नोंद कंपनीच्या सर्व्हरवर सुरक्षित होती. परंतु आम्हीं मनांत दुसरेंच माप धरिलें होतें: कामाचें तें ठेवावें, खेळाचें तें टाकावें. आणि काम कोणतें व खेळ कोणता हें ठरविणारे आम्हीच. शेतकऱ्याच्या अंगणांत कडब्याची गंजी मोठी जागा अडविते, आणि पुढच्या सालाचें बियाणें राखेंत कालवून एका मडक्यांत कोपऱ्याला ठेविलेलें असतें. अंगण मोकळें करावयाचें म्हणून कोणी तें मडकें उकिरड्यावर ओतीत नाहीं. आम्हीं तें ओतिलें, कारण मडक्यांत काय आहे हें आम्हीं उघडून पाहिलें नव्हतें, आणि ज्या पोरीला ठाऊक होतें ती पलीकडच्या खोलींत निजली होती.

ह्याहून अधिक लाजिरवाणी गोष्ट आम्हांस पुढें उमगली, आणि ती सांगितल्यावांचून हा लेख खरा होणार नाहीं. मुलांच्या ह्या खेळांविषयीं आमच्या मनांत फार दिवसांची अढी होती. तीं काढावयास सांगावें तर घरांत वाद होईल, म्हणून आम्ही गप्प होतों. जागेच्या अडचणीनें आम्हांस एक निमित्त मिळालें. जें न्यायाधीश होऊन करण्याचें धैर्य नव्हतें तें झाडूवाला होऊन करितां आलें. खेळ काढूंच नयेत असें आमचें म्हणणें नाहीं. ज्या मुलाची झोप आणि अभ्यास खेळानें खाऊन टाकिला, त्याचा खेळ बंद करणें हें आईबापांचें कामच आहे, आणि तें टाळणारे आईबाप मुलाचे हितकर्ते नव्हत. पण मग तें उघडपणें, त्याला समोर बसवून, शिस्त म्हणून करावें. त्याला उत्तर देण्याची संधि द्यावी. साठवणीचें नांव पुढें करून शिस्त लावणें हा एक प्रकारचा खोटेपणा आहे, आणि मुलें तो फार लवकर ओळखितात.

थोरांची खेळांवरील ही नाराजी नवी नाहीं. १९९० सालीं विंडोज ३.० बरोबर पत्त्यांचा सॉलिटेअर हा खेळ आला. त्या खेळानेंच असंख्य कारकुनांस माउसनें वस्तु उचलून ठेवण्याची संवय लाविली. न्यूयॉर्कचे तेव्हांचे महापौर मायकेल ब्लूमबर्ग यांनीं २००६ सालीं एका कर्मचाऱ्याच्या पडद्यावर तोच खेळ पाहून त्यास कामावरून काढिलें. तेथें प्रश्न पगाराच्या वेळेचा होता, आणि त्यावर दोन्ही बाजूंनीं बोलतां येईल. घरच्या लॅपटॉपाची गोष्ट तशी नाहीं; तेथें कोणी कोणाचा नोकर नाहीं.

कोणी म्हणेल, तें घर तरी कोठें खरें होतें? पडद्यावरचे ठोकळेच ते! आमच्या एका स्नेह्यांनीं हें असेंच म्हटलें, आणि आमचें सांत्वन करण्याचा त्यांचा हेतु होता ह्यांत संशय नाहीं. परंतु दारापुढील रांगोळी घ्या. जी बाई ती काढिते तीच दुसऱ्या दिवशीं सकाळीं ती झाडून टाकिते, आणि तिला कांहीं वाटत नाहीं. तीच रांगोळी दुसऱ्यानें येतां जातां पायानें फिसकटली तर ती गप्प बसत नाहीं. आणि ‘पीठच तें, पुन्हा काढ’ असें तिला सांगणारा मनुष्य न्यायाचें बोलतो असें गांवांत कोणी म्हणणार नाहीं. वस्तु किती दिवस टिकणारी होती ह्यावर अन्यायाचें मोजमाप होत नसतें.

‘पुन्हा उतरवून घेतां येतो’ ह्या आश्वासनाविषयींही थोडें सांगितलें पाहिजे, कारण हल्लीं खेळ काढतांना सर्वांचा भरंवसा त्यावरच असतो. बहुधा तो खरा ठरतो, पण नेहमीं नव्हे. कोनामी ह्या जपानी कंपनीनें २०१४ च्या ऑगस्टांत पी. टी. नांवाचा एक लहानसा खेळ प्लेस्टेशन ४ वर फुकट दिला होता, आणि २०१५ च्या एप्रिलांत तो दुकानांतून काढून घेतला. ज्यांनीं जागा करण्यासाठीं तो पुसला होता त्यांस तो पुन्हा मिळेना. युबिसॉफ्टचा द क्रू हा खेळ तर पैसे देऊन घेतलेला. ३१ मार्च २०२४ रोजीं त्याचे सर्व्हर बंद झाले आणि ज्यांच्या यंत्रांत तो होता त्यांसही तो निरुपयोगी झाला. त्याच सालीं कॅलिफोर्नियांत कायदा झाला कीं, खेळ विकतांना तुम्हांस मालकी नव्हे, केवळ वापरण्याचा परवाना मिळतो असें गिऱ्हाइकास स्पष्ट सांगावें. तेव्हां परत मिळणें हें दुसऱ्याच्या मर्जीवर आहे, हें ध्यानांत ठेवूनच काढण्याचें बटण दाबावें.

त्या प्रकारानंतर आम्हीं लॅपटॉपांतील आमचाच हिस्सा तपासला. एकाच सभेचा व्हिडिओ तीन ठिकाणीं होता. फोनवरून आलेलीं शुभेच्छांचीं चित्रें शेंकड्यांनीं होतीं. डाउनलोड्सच्या कप्प्यांत चार वर्षांचा केर होता. सर्व मिळून चौतीस जीबी भरले. विंडोजची मोठी सुधारणा उतरली म्हणजे जुनें विंडोज कांहीं दिवस Windows.old ह्या नांवाच्या कप्प्यांत पडून राहतें व पुष्कळ जागा खातें, हेंही तेव्हां कळलें. तो कप्पा सेटिंग्जच्या स्टोरेज ह्या भागांतून निर्धास्त पुसतां येतो. म्हणजे ज्या रात्रीं आम्हीं मुलांच्या वस्तूंवर निकाल दिला, त्या रात्रीं खरा अडगळीचा ढीग आमचाच होता.

आतां आमच्या घरीं रीत अशी आहे कीं, ज्याची वस्तु त्यानेंच ती काढावी, आणि काढण्यापूर्वीं तींत आपण स्वतः केलेलें कांहीं आहे काय तें पाहून त्याची प्रत पेन ड्राइव्हवर घ्यावी. माइनक्राफ्टमध्यें बांधलेलें जग एक फाइल करून बाहेर काढितां येतें. ही सोय त्या रात्रींही होती. फोनवर ज्यांचें सर्व काम चालतें त्यांनीं एवढें लक्षांत ठेवावें कीं, अँड्रॉइडमध्यें कॅश पुसणें आणि डेटा पुसणें ह्या दोन गोष्टी शेजारीं शेजारीं दिसतात, पण पहिलीनें केर जातो व दुसरीनें सामान जातें.

मुलीनें त्या लॅपटॉपावर तो खेळ पुष्कळ दिवस उघडिला नाहीं. गेल्या मे महिन्यांत तिनें तें घर पुन्हा बांधावयास घेतलें, आणि ओट्यापाशीं अडून आम्हांस हाक मारिली. पायऱ्या किती होत्या, असें तिनें विचारिलें. आमचें सारें बालपण त्या ओट्यावर गेलेलें. तरी आम्हांस आठवेना. आम्हीं आक्कास फोन केला. ती म्हणाली, तीन. मग धाकट्या भावास केला. तो म्हणाला, पांच, आणि खालची मोडकी होती.