ताराबाईंचा सवाल आणि आप्ताची व्याख्या

गेल्या पौषात चिखली तालुक्यातील एका गावी सप्ताहाच्या काल्याला गेलो होतो. गावाचे नाव सांगत नाही. दोष एकट्या गावाचा नव्हता, आणि पुढे वाचाल तर कळेल की त्यातला मोठा वाटा माझाच होता.

ग्रंथदिंडी निघायची होती. मारुतीच्या पारापुढे बायका कलश घेऊन ओळीने उभ्या होत्या. त्यात एक तिशीच्या आतली बाई होती. तिचा नवरा दोन वर्षांपूर्वी गेला. कर्जापायी त्याने शेतातच औषध घेतले होते. तिच्याही डोक्यावर कलश होता, शेजारी दहाएक वर्षांची मुलगी होती. कोणीतरी कुजबुजले, मग ते बोलणे वाढत वाढत वडीलधाऱ्यांपर्यंत आले, आणि तेथून माझ्याकडे. “महाराज, तुम्हीच सांगा आता, शास्त्र काय म्हंते ते. कलश सवाष्णीचाच असतो ना?”

सज्जनहो, खोटे कशाला सांगू? शास्त्र काय म्हणते ते मला त्या क्षणी आठवले नाही, कारण त्या बाबतीत मी ते कधी पाहिलेच नव्हते. मला आठवली ती समोरची मंडळी. मी म्हणालो, “गावाची जी रीत असेल तशी चालू द्या.” बाईने काही न बोलता कलश खाली ठेवला आणि ती मागे सरली. पोरगी मात्र जागची हलली नाही. ती मला म्हणाली, “महाराज, माह्या मायनं काय केलं?”

टाळ वाजू लागले होते. ऐकू आले नाही असे दाखवून मी पुढे चाललो.

त्या रात्री झोप आली नाही. मला आमच्या घरातल्या आत्याबाई आठवल्या. आजोबांची ही थोरली बहीण. मी सहासात वर्षांचा असेन तेव्हा त्या फार म्हाताऱ्या होत्या, आलवण नेसत, डोक्यावरून पदर खाली येऊ देत नसत. विवाह आठव्या वर्षी, वैधव्य दहाव्या. न्हावी परसदाराने येई आणि आम्हां पोरांना तेवढा वेळ पुढच्या अंगणात पिटाळीत. एकदा त्यांनी आजोबांना विचारलेले मी ऐकले आहे, “दादा, दहा वर्षांच्या पोरीनं एवढं काय पाप केलं असेल रे?” आजोबा व्युत्पन्न होते, प्रेमळही होते. ते म्हणाले, “पूर्वसंचित, माई.” त्यावर आत्याबाई गप्प बसल्या. मला तेव्हा वाटले, उत्तर मिळाले. आता वाटते, त्यांना उत्तर मिळाले नाही, फक्त प्रश्न बंद झाला.

पुढे एका शिक्षकमित्राने माझ्या हाती एक लहानसे पुस्तक ठेवले आणि म्हणाला, “महाराज, हे तुमच्याच जिल्ह्यातले आहे.” ताराबाई शिंदे यांची ‘स्त्रीपुरुष तुलना’. मला ठाऊकच नव्हती. साठी उलटेपर्यंत बुलढाण्याच्या वाटा तुडवल्या, आणि ह्याच बुलढाण्यात राहून एका बाईने १८८२ साली असे पुस्तक पुण्यास छापविले, ह्याचा पत्ता नाही! ताराबाईंचे वडील बापूजी हरी शिंदे हे बुलढाण्याच्या कचेरीत हेडक्लार्क, जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक समाजाचे सभासद. मुलीला त्यांनी घरीच मराठी, संस्कृत, इंग्रजी शिकविले. पुस्तक लिहिण्यास कारण झाले ते सुरतेकडचे एक प्रकरण. विजयालक्ष्मी नावाच्या तरुण विधवेने लोकलज्जेपायी आपले मूल मारले म्हणून १८८१ साली तिला फाशीची शिक्षा झाली, पुढे ती कमी करण्यात आली. त्या निमित्ताने वर्तमानपत्रांतून समस्त स्त्रीजातीवर चिखलफेक सुरू झाली, त्यात पुण्याचे ‘पुणेवैभव’ पुढे होते. ताराबाईंनी त्याला उत्तर म्हणून लेखणी उचलली.

त्यांचा मुख्य सवाल साधा आहे. जो दुर्गुण बायकांचा म्हणून सांगता तो पुरुषांत नाही काय? आणि जो नियम बायकांस लावता तो पुरुषांस का नाही? नवरा मेला तर बायकोचे डोके भादरायचे, मग बायको मेली तर पुरुषाने दाढीमिशा भादरून रानात का जाऊ नये? सावित्री नवऱ्यासाठी यमाच्या मागे गेली. बायकोसाठी यमाच्या वाटेस लागलेला नवरा कोणी पाहिला आहे काय? देवादिकांच्या कथांनाही त्यांनी सोडलेले नाही. ती पाने वाचताना माझ्यासारख्याला बोचते, हे लपवीत नाही. काही ठिकाणी मी पुस्तक मिटून ठेवले. पण दाढीमिशांच्या सवालाला मला उत्तर सापडले नाही, आणि मी मुद्दाम शोधले.

पुस्तकावर टीका झाली. सत्यशोधकांतल्याही काहींनी नाके मुरडली. जोतीरावांनी मात्र १८८५ च्या ‘सत्सार’मध्ये त्यांची बाजू घेतली. ताराबाईंनी पुढे दुसरे पुस्तक छापल्याचे दिसत नाही. हे पुस्तकही विस्मृतीत गेले ते १९७५ साली स. गं. मालशे यांनी पुन्हा छापीपर्यंत.

आता कोणी म्हणेल, हे सारे विलायती विचार. जोतीरावांनी तरुणपणी टॉमस पेन वाचला होता, त्याचेच हे वारे. असेल. युरोपात अठराव्या शतकात मोठी घुसळण झाली खरी. राजा म्हणतो म्हणून, धर्मपीठ म्हणते म्हणून, पूर्वापार चालत आले म्हणून खरे मानणार नाही, बुद्धीपुढे येऊन साक्ष द्या, असे म्हणणारे लोक तेथे निघाले. कांट नावाच्या जर्मन तत्त्ववेत्त्याने १७८४ साली लिहिले की माणूस दुसऱ्याच्या बोटाला धरून चालतो तो बुद्धी नाही म्हणून नव्हे, धैर्य नाही म्हणून. पण गंमत बघा. त्याच मंडळींतल्या रूसोने १७६२ मध्ये मुलींच्या शिक्षणाविषयी लिहिताना सांगितले की त्यांचे शिक्षण पुरुषांच्या सोयीला धरून असावे! राजसिंहासन हलविणारी बुद्धी स्वतःच्या उंबरठ्याशी येऊन थबकली. तेव्हा मेरी वुलस्टनक्राफ्ट ह्या इंग्रज बाईने १७९२ साली विचारले की राजांचा ईश्वरदत्त अधिकार तुम्ही तपासलात, मग नवऱ्यांचा ईश्वरदत्त अधिकार का तपासू नये? ताराबाईंनी ते पुस्तक पाहिले होते असे मी म्हणत नाही. सुईने टोचले म्हणजे लंडनात काय आणि बुलढाण्यात काय, रक्त सारखेच निघते.

आणि बुद्धीने अधिकार तपासणे विलायतीच आहे, हे मला कबूल नाही. आम्ही पाठशाळेत प्रथम घोकला तो तर्कसंग्रह. शब्द हे प्रमाण आहे, पण कोणाचा शब्द? आप्ताचा. आप्त म्हणजे सोयरा नव्हे. जसे आहे तसे सांगणारा तो आप्त. न्यायसूत्रांवर भाष्य करताना वात्स्यायनमुनींनी आणखी खोलात जाऊन सांगितले आहे की ज्याने विषय साक्षात जाणला आहे आणि जाणला तसाच सांगण्याची ज्याला इच्छा आहे, तो आप्त. आणि हे लक्षण ऋषी, आर्य, म्लेच्छ सर्वांना सारखेच लागू. ही व्याख्या मी चाळीस वर्षे पाठ म्हणतो आहे. ती लावून कधी पाहिली नाही. वैधव्य कसे जगावे ह्या विषयाचे साक्षात ज्ञान कोणाला? ज्यांनी नियम लिहिले त्यांतला एकही विधवा झालेला नव्हता. ह्या विषयात आप्त कोण ठरतो, माझे आजोबा की आत्याबाई?

मीमांसकांकडे या. यज्ञात कोण कोठे बसतो ते ठरविणारे हे लोक. यांच्याइतके परंपरानिष्ठ दुसरे कोण? सोमयागात उंबराचा खांब रोवतात, त्याला औदुंबरी म्हणतात. श्रुती सांगते, त्याला स्पर्श करून उद्गात्याने गावे. एक स्मृती सांगते, तो खांब वस्त्राने सगळा गुंडाळावा. सगळा गुंडाळला तर स्पर्श कोठे करायचा? जैमिनींचा निर्णय असा की श्रुतीशी विरोध आला तर स्मृती सोडावी. पुढच्याच सूत्रात ते म्हणतात की जेथे नियमामागे हेतू दिसतो तेथेही स्मृतीला प्रामाण्य नाही. शबरस्वामी उलगडून सांगतात की कोणा ऋत्विजांना ते वस्त्र हवे होते, लोभाने त्यांनी सगळा खांब गुंडाळला, आणि तीच पुढे स्मृती झाली! कुमारिलभट्टांना हे उदाहरण रुचले नाही, त्यांनी स्मृतीचा कैवार घेतला, तो भाग निराळा. पण नियम कोणाच्या फायद्याचा आहे हे पाहावे, ही दृष्टी आमच्याच घरातली आहे. विधवेने एक वेळ जेवावे, दागिना घालू नये, घरातले सर्वांत जड काम करावे, वाटणी मागू नये. हेतू दिसत नाही काय?

तर्काचा मला गर्व नाही. तर्क दोन्हीकडून चालतो. पंडित ईश्वरचंद्र विद्यासागरांनी पराशरस्मृतीतील श्लोकाच्या आधारे विधवाविवाह शास्त्रसंमत ठरविला आणि १८५६ साली कायदा झाला. विरुद्ध पक्षाने व्याकरण काढले. श्लोकात ‘पतौ’ आहे. पाणिनीप्रमाणे एकट्या पति शब्दाचे ‘पत्यौ’ व्हावे. म्हणून तेथे ‘अपतौ’ वाचावे, म्हणजे जो अजून पती झालेलाच नाही असा वाङ्‌निश्चयाचा वर. युक्ती सुरेख आहे, व्याकरण शिकलेल्याला मोह पडावा अशी. १८७० साली पुण्यात शंकराचार्यांपुढे ह्या विषयावर मोठा वाद झाला, पंच बसले, आणि निकाल पुनर्विवाहाच्या विरुद्ध गेला. एका अकारावर हजारो मुलींचा जन्म टांगला. ब्रह्मसूत्रांत तर्काला प्रतिष्ठा नाही म्हटले आहे ते उगीच नाही. पण आचार्यांचे भाष्य पुरते वाचा. तर्काचा सरसकट निषेध त्यांनी केलेला नाही. जगत्कारण आणि मोक्ष यांसारख्या इंद्रियांपलीकडच्या विषयात तर्क एकटा पुरत नाही, एवढेच म्हटले आहे. वस्तरा इंद्रियांपलीकडचा नाही. भुकेने ओढलेले पोट अतींद्रिय नाही.

राहता राहिले पूर्वसंचित. मी कर्मसिद्धांत मानतो, उद्याही मानीन. पण मानून पाहा. त्या दहा वर्षांच्या मुलीचे संचित असेल, तर त्याचे फळ नवरा गेला तेव्हाच तिला मिळाले. त्यावर आणखी शिक्षा देण्याचे काम आम्हांला कोणी नेमून दिले? शिवाय बायको मेलेल्या पुरुषाचेही संचित असलेच पाहिजे. त्याला कोणी कलश खाली ठेवायला सांगत नाही, महिन्याभरात मुली दाखवितात. अदृष्टाच्या नावाने दृष्ट माणसाला छळायचे, आणि तेही एकाच बाजूला, ह्याला कर्मसिद्धांत म्हणत नाहीत. ह्याला काय म्हणतात ते ताराबाईंनी स्पष्ट शब्दांत लिहून ठेवले आहे.

आपल्या ह्या जिल्ह्यात सिंदखेडराजा आहे. तेथे जन्मलेल्या जिजाऊ १६६४ साली शहाजीराजे गेल्यावर दहा वर्षे विधवा होत्या. मुलाचा राज्याभिषेक त्यांनी डोळ्यांनी पाहिला. त्या दहा वर्षांत त्यांचा पायगुण कोणी काढला काय? पंढरीच्या वाटेवर किती तरी विधवा डोक्यावर तुळस घेऊन चालतात. तुझ्या कपाळी कुंकू आहे का, असे दिंडीत कोणी विचारलेले मी पाहिले नाही. मग वाखरीपर्यंत जी चालते ती गावच्या पारापाशी का चालत नाही? कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड ग्रामपंचायतीने मे २०२२ मध्ये ठराव करून कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे ह्या प्रथा बंद केल्या, आणि त्याच महिन्यात सरकारने सर्व ग्रामपंचायतींना तसे करण्याविषयी परिपत्रक काढले. मी जेव्हा “गावाची रीत” म्हणालो तेव्हा हे सर्व होऊन गेलेले होते. हेरवाडचे गावकरी शास्त्र शिकलेले नव्हते. मी शिकलेला होतो.

ह्या वर्षीच्या सप्ताहाचे आमंत्रण त्याच गावाहून आले आहे. मी उत्तर पाठविले की येईन. मात्र मागच्या वर्षी माझ्या तोंडून जे गेले ते चुकीचे होते, ते काल्याच्या कीर्तनात सर्वांसमक्ष सांगेन, आणि दिंडीत पहिला कलश त्या बाईंनी, त्यांची इच्छा असेल तर, घ्यावा. त्यांना स्वतःलाही एका ओळखीच्या माळकऱ्याकडून निरोप धाडला. त्यांचा उलट निरोप आला, “येईन, पन महाराजांनी आधी माह्या पोरीला उत्तर द्यावं.” मंडळींचे पत्र अजून आलेले नाही. पंधरा दिवस झाले.