त्रिपुरातील लेकरे

कार्तिकात पहाटे काकड्याचे टाळ वाजू लागले की मला एका माउलीची आठवण होते. चाळीस वर्षांपूर्वी एका खेड्यात त्रिपुरी पौर्णिमेला माझे कीर्तन होते. देवळापुढे दीपमाळ पेटलेली, मंडप भरलेला. निरूपणाच्या ओघात मी त्रिपुराचा दृष्टांत दिला. कीर्तन संपल्यावर लोक पाया पडून जाऊ लागले, तेव्हा एक म्हातारी थांबली नि म्हणाली, “महाराज, त्या गावात लेकरंबाळं असतील की. त्यांचं काय झालं?”

कथा आपणा सर्वांना ठाऊक आहे. तारकाक्ष, कमलाक्ष आणि विद्युन्माली हे तारकासुराचे पुत्र. त्यांनी ब्रह्मदेवाजवळ अमरत्व मागितले, ते मिळाले नाही. म्हणून मग हवी तिथे फिरणारी तीन पुरे मागितली. हजार वर्षांनी ती एकत्र येतील, तेव्हा एकाच बाणाने जो त्यांचा भेद करील त्याच्याच हातून मरण यावे, हीही अट घातली. मयासुराने स्वर्गात सोन्याचे, अंतरिक्षात रुप्याचे आणि भूमीवर लोखंडाचे नगर रचले. प्रत्येकाचा विस्तार 100 योजने. आत रुंद रस्ते, वाडे, वेशी. ज्याच्या मनात जे येई ते मय मायेने पुरवी. तारकाक्षाच्या मुलाने तर मेलेल्या वीराला जिवंत करणारी बावही मिळवली. मग मात्र लोभ सुटला. त्यांनी ऋषींचे आश्रम मोडले, देवांची उपवने उजाड केली. अखेर महादेवांनी बाण सोडला.

त्या रात्री मी हसून म्हणालो, “माउली, त्रिपूर म्हणजे गाव नव्हे. स्थूल, सूक्ष्म आणि कारण हे तीन देह म्हणजे ती तीन पुरे. ज्ञान हा बाण. तिथं कसली आली लेकरं?” टाळकऱ्यांनी माना डोलावल्या. ती “बरं, महाराज” म्हणून निघून गेली. दुसऱ्या दिवशी काल्याच्या कीर्तनात माझी नजर तिला शोधत होती. ती आली नव्हती.

मी सांगितलेला अर्थ खोटा नव्हता. गुरुमुखातून आलेला होता, आजही मला तो मान्य आहे. लबाडी दुसरीकडे होती. तासभर मी जे नगर जाळले ते परक्यांचे होते, दुष्टांचे होते. ते जळताना मृदंग घुमला, लोकांनी टाळ्या दिल्या. तेव्हा मी कोणालाही ‘हा तुमचा-माझा देह जळतो आहे’ असे म्हणालो नाही. लेकरांचा हिशेब निघाला, तेव्हाच नगराचे रूपक झाले. तिच्या प्रश्नापासून पळायला मी वेदान्ताचा आडोसा घेतला.

पुढे ग्रंथ पुन्हा पाहिले. शिवपुराणातल्या त्रिपुरात घरोघर पूजा आणि व्रते चालत. तिथली माणसे धर्माने वागतात तोवर नगर मोडता येत नाही, म्हणून आधी त्यांना मोहात पाडावे लागले. मत्स्यपुराणात जळत्या त्रिपुरातील स्त्रियांचा आक्रोश आहे. म्हणजे जे मला दिसले नाही ते पुराणकारांना दिसले होते. आणि महाभारताच्या कर्णपर्वात ही कथा सांगतो कोण? दुर्योधन. शल्याने कर्णाचे सारथ्य करावे म्हणून. ज्याला रथ हाकायचा असतो त्याला लेकरे मोजायला सवड कुठली?

आकाशातले नगर खालून पाहिले की त्याचे सोने दिसते नि आपल्यावर पडलेली त्याची सावली दिसते. चूल दिसत नाही, पाळणा दिसत नाही. ज्यांच्याविषयी आपल्या मनात राग असतो ती सगळीच माणसे आपल्याला अशी खालून दिसतात. भाऊबंदकीत वाट्यावरून भांडणारा चुलत्याच्या घराला ‘ते घर’ म्हणतो, तेव्हा त्या घरातले नातवंड त्याच्या डोळ्यांपुढे नसते.

मग अन्याय मोडू नये काय? मोडावाच लागतो. उजाड झालेले आश्रमही खरेच होते. पण देवीभागवतात रुद्राक्षाची उत्पत्ती सांगितली आहे, ती या त्रिपुराच्याच प्रसंगातली. अस्त्राचे चिंतन करताना महादेवांचे डोळे हजार दिव्य वर्षे उघडे राहिले, त्यांतून थेंब गळाले आणि त्यांचे वृक्ष झाले. पुराण त्याला करुणा म्हणत नाही, मीही बळे म्हणवणार नाही. एवढेच म्हणतो, की ज्याला जाळायचे होते त्याने आधी डोळे मिटले नाहीत. मी मिटले होते.

ज्ञानोबारायांनी पसायदानात दुष्टांचा नाश मागितला नाही, त्यांच्यातला वाकडेपणा जावा असे मागितले. हे मी शेकडो वेळा सांगितले असेल. त्या म्हातारीने ते न सांगता केले.

आता वय सत्त्याहत्तर. आवाज गेला, कीर्तन सुटले. त्रिपुरी पौर्णिमेला मात्र वाती लावतो. त्यांतली एक आता त्या लेकरांच्या नावाची असते. ती लावताना मनात म्हणतो, माउली, तुझ्या प्रश्नाला उत्तर नव्हते, आणि मी ते दिले. क्षमा कर.