सुधाकराला न भेटलेला माणूस

मराठी मनात दारुड्याची जी गोष्ट पक्की बसली आहे, ती 'एकच प्याला'ची. राम गणेश गडकरी १९१९ च्या जानेवारीत गेले आणि त्याच वर्षी हे नाटक रंगभूमीवर आलं. आज शंभराहून अधिक वर्षांनीही गल्लीत कुणी झोकांड्या खात निघाला की लोक त्याला तळीराम म्हणतात. नाटक न पाहिलेल्यालाही नायक सुधाकराचा उतार पाठ असतो: वकिलीची सनद जाते, पहिला प्याला येतो, संसाराची धूळधाण होते, काठीच्या घावानं पोर जातं, बायको सिंधू जाते, आणि शेवटच्या प्याल्यात रसकापूर मिसळलेला असतो. बाटलीपासून तिरडीपर्यंतची सरळ वाट. घराघरांत आपण प्यायलेल्या माणसाकडे बघतो ते याच वाटेवरचा प्रवासी म्हणून.

मला या नाटकातली वेगळीच जागा अस्वस्थ करते. मध्येच सुधाकर दारू सोडतो. मनापासून शपथ घेतो, काम मागायला दारोदार हिंडतो. लोक त्याला हिडीसफिडीस करतात, त्याच्या शब्दावर कुणी विश्वास ठेवत नाही, आणि तो पुन्हा प्याल्याकडे वळतो. बहुतेक प्रेक्षक म्हणतात, निश्चय कमी पडला. मला तसं वाटत नाही. निश्चय होता, त्या निश्चयाच्या शेजारी बसणारं कुणी नव्हतं. मित्र रामलाल शहाणा आहे, जिवाला जीव देणारा आहे, पण त्यानं कधी प्यालेलं नाही. तळीराम सगळं जाणतो, पण तो अजून पितोच आहे. दारू सोडलेला माणूस नाटकात आहेही! भगीरथ. पण त्याची वाट सुधाकराच्या बहिणीच्या, शरदच्या, कथानकाकडे जाते, आणि सुधाकराला सावरण्याचा भार राहतो तो न प्यालेल्या रामलालवर. 'मीही असाच होतो, काल रात्री मला झोप लागली नव्हती, आज मी प्यालेलो नाही,' असं सुधाकराजवळ बसून सांगणारा माणूस त्याला भेटत नाही. यात गडकऱ्यांचा दोष नाही. असा माणूस मुद्दाम शोधून आणावा, हे तेव्हा जगात फारसं कुणाला सुचलेलंच नव्हतं.

ते सुचलं ते १९३५ साली, अमेरिकेतल्या ओहायो राज्यात, टायरच्या कारखान्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या अ‍ॅक्रन शहरात. बिल विल्सन हा न्यूयॉर्कच्या शेअर बाजारातला माणूस एका कंपनीचा ताबा मिळवण्याच्या खटपटीसाठी तिथं आला होता. तो डाव फसला. दारू सोडून त्याला जेमतेम पाच महिने झाले होते. खिसा रिकामा, परकं गाव, आणि हॉटेलच्या दालनात एका बाजूला बार. तो घाबरला आणि टेलिफोनकडे वळला. तिथं लावलेल्या चर्चच्या यादीतले क्रमांक फिरवत त्यानं एकच गोष्ट मागितली: या गावातला एखादा दारुडा मला भेटवा.

ही मागणी नीट पाहायला हवी. दुसऱ्या कुणाला वाचवण्यासाठी ती नव्हती. आधीचे काही महिने तो न्यूयॉर्कमध्ये पिणाऱ्यांना धरून उपदेश करत होता आणि त्यांच्यातला एकही सुटला नव्हता. पण या सगळ्यात तू स्वतः प्यायला नाहीस, हे त्याच्या बायकोनं, लोईसनं, त्याच्या लक्षात आणून दिलं. त्याच्यावर उपचार करणाऱ्या डॉक्टर सिल्कवर्थनीही सांगितलं होतं की आध्यात्मिक साक्षात्काराच्या गोष्टी बंद कर, आधी आजाराबद्दल बोल. अ‍ॅक्रनमध्ये त्याला भेटला तो डॉक्टर बॉब स्मिथ, शस्त्रक्रिया करणारा, वर्षानुवर्षं पिणारा. प्रार्थना, वाचन, सत्संग, बॉबचं सगळं करून झालेलं होतं. पंधरा मिनिटांच्या वर बसणार नाही, या अटीवर तो १२ मेच्या संध्याकाळी आला आणि रात्री उशिरापर्यंत बसला. बिलनं त्याला एकही उपदेश केला नाही. स्वतःचं पिणं सांगितलं. स्वतः या आजारातून गेलेला आणि त्याबद्दल बोलणारा पहिला माणूस मला त्या दिवशी भेटला, अशा अर्थाचं बॉबनं पुढं लिहून ठेवलं आहे.

बॉब त्या रात्रीपासून सुटला नाही, हेही सांगायला हवं. काही आठवड्यांनी डॉक्टरांच्या एका अधिवेशनाला गेला आणि तिथं पुन्हा प्यायला. परतल्यावर बिल आणि बॉबची बायको अ‍ॅन यांनी त्याला उठवून उभं केलं. त्यानं शेवटचं मद्य घेतलं तो दिवस १० जून १९३५, आणि अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमस ही चळवळ तोच आपला स्थापनादिन मानते. म्हणजे जगभर पसरलेल्या या चळवळीचा वाढदिवसच मुळी घसरून परत आलेल्या माणसाचा आहे.

मुंबईत आणि पुण्यात या चळवळीच्या गटांच्या खुल्या सभा होतात. त्यांना बाहेरच्या माणसालाही बसता येतं. मी अशा सभांमध्ये मागच्या बाकावर बसलेलो आहे. तिथं ऐकलेलं तिथंच राहतं, या शब्दावर मला बसू दिलं जातं, म्हणून कुणाचीही गोष्ट इथं लिहिणार नाही. गोष्टीची बांधणी मात्र सांगता येईल, कारण ती सगळ्यांची सारखी असते: मी कसा होतो, काय घडलं, आज कसा आहे. माणूस उभा राहतो, फक्त पहिलं नाव सांगतो, 'मी अल्कोहोलिक आहे' म्हणतो. मग येतो तपशील. बाटली कुठं लपवायची: संडासाच्या टाकीत, गव्हाच्या डब्यात, स्कूटरच्या डिकीत. पगाराच्या दिवशी घरी कुठली थाप मारायची. सकाळी हात इतके थरथरायचे की पहिली क्वार्टर ओठांपर्यंत नेता येत नसे. समोरची माणसं मान डोलावतात, मध्येच हसतात. पहिल्यांदा ते हसू ऐकून मला धक्का बसला होता. नंतर कळलं, ते ओळखीचं हसू असतं. ज्या गोष्टीपायी इतकी वर्षं नजर खाली होती, ती इथं उघड्यावर येते आणि समोरचा माणूस उठून जात नाही, हे त्या हसण्यात असतं.

माझं म्हणणं या अनुभवावर उभं आहे. दारूतून सुटलेल्या माणसाची गोष्ट आपण प्रबोधनासाठी वापरतो. शाळेत, सप्ताहात, व्यासपीठावर त्याला उभं करतो, शेवटी टाळ्या वाजवतो. त्या गोष्टीचं खरं काम तिथं होत नाही. ती मुळात सांगणाऱ्याचं औषध आहे. वर्षानुवर्षं पिणाऱ्याच्या आठवणीत भगदाडं पडलेली असतात. कालची रात्र त्याला खरोखरच आठवत नसते. शिवाय सुटल्यानंतर मन हळूहळू जुन्या दिवसांना सोनेरी मुलामा देऊ लागतं: मित्र आठवतात, पावसातली पहिली बैठक आठवते, पोलीस चौकीतली रात्र मात्र विसरायला होते. गोष्ट पुन्हा पुन्हा सांगणं म्हणजे ती चौकी विसरू न देणं. म्हणूनच पंधरा-पंधरा वर्षं न प्यालेली माणसंही उभी राहून तेच सांगतात आणि 'फक्त आजचा दिवस' म्हणून खाली बसतात. शेजारच्या खुर्चीवर बसलेल्या नवख्याचा त्यातून फायदा झाला तर झाला. बहुतेकदा होतो.

हे सगळं लिहिताना एक भीती मनात आहे, ती स्पष्टच सांगतो. गोष्ट हे औषध आहे म्हणून तेवढंच पुरेल, असं कुणी समजू नये. रोज भरपूर पिणाऱ्या माणसानं एकाएकी दारू बंद केली तर त्याला फिट येऊ शकते. दोन-तीन दिवसांत भ्रम होऊ शकतो: भिंतीवर किडे दिसतात, ताप चढतो, माणूस ओळख विसरतो. यात जीवही जातो. घरचे त्याला खोलीत कोंडतात, 'दोन दिवस ओरडेल, मग शांत होईल' म्हणतात. असं करू नये. हा काळ डॉक्टरांच्या देखरेखीखाली काढायचा असतो. त्यासाठी औषधं आहेत, बी-१ जीवनसत्त्व द्यावं लागतं. तसंच 'न सांगता दारू सोडवा' अशा जाहिराती भिंतीभिंतींवर असतात. काही औषधं घेतल्यावर दारू पोटात गेली की अंगाची लाही होते, रक्तदाब कोसळतो. म्हणूनच ती रुग्णाला सांगून, त्याच्या संमतीनं द्यायची असतात. चोरून भाजीत कालवलेलं औषध जिवावर बेतू शकतं, आणि त्या घरात उरलासुरला विश्वासही संपतो. पंढरीला जाऊन माळ घालून दारू सोडलेली माणसं मी पाहिली आहेत, त्यांच्याबद्दल मला आदर आहे. माळेमागेही दिंडी असते, वारी असते, शेजारी चालणारी माणसं असतात. पण शरीराची तडफड माळेनं थांबत नाही. तिथं डॉक्टर लागतोच.

गटाच्या सभांचा खरंच उपयोग होतो का, ही शंका डॉक्टरांनीही बरीच वर्षं बाळगली. २०२० साली कॉक्रेन या संस्थेनं २७ अभ्यास एकत्र तपासले. त्यांत दहा हजारांहून अधिक माणसं होती. पूर्ण दारूमुक्त राहण्याच्या बाबतीत, रीतसर पद्धतीनं रुग्णाला या गटांशी जोडून देण्याचा उपाय इतर मान्य मानसोपचारांपेक्षा सरस ठरला. आपल्या अगदी जवळ, गोव्यात, 'संगत' संस्थेनं आणखी एक गोष्ट दाखवली. प्राथमिक आरोग्य केंद्रात आलेल्या, घातक प्रमाणात पिणाऱ्या पुरुषांशी डॉक्टर नसलेल्या, थोडं प्रशिक्षण घेतलेल्या साध्या समुपदेशकांनी मोजक्या बैठकींत बोलणं केलं. तीन महिन्यांनी त्यांच्यातले ३६ टक्के धोक्याच्या पिण्यातून बाहेर आले होते. नेहमीची सेवा मिळालेल्यांत हे प्रमाण २६ टक्के होतं. आकडा डोळे दिपवणारा नाही, पण मला तो मोलाचा वाटतो. २०१९ च्या केंद्र सरकारच्या पाहणीनुसार दारूचं अवलंबित्व असलेल्या ३८ जणांमागे जेमतेम एकाला कुठलेही उपचार मिळाले होते. उरलेल्या ३७ जणांशी बोलायला इतके मानसोपचारतज्ज्ञ आणायचे कुठून? पण प्रेमानं आणि पद्धतीनं बोलू शकणारी माणसं आपल्याकडे आहेत.

बोलायला कुणाकुणाला मिळतं, हा मात्र कठीण प्रश्न आहे. नाटकातली सिंधू मरताना खोटं बोलते, आपण पडल्याचं सांगून नवऱ्याला वाचवते. प्रेक्षकांनी त्यावर शंभर वर्षं डोळे पुसले. असलं खोटं आजही रोज बोललं जातं: डोळ्याभोवतीच्या निळ्या डागाला 'कपाटाचा कोपरा लागला' असं म्हटलं जातं. पुण्यात डॉ. अनिता अवचट आणि अनिल अवचट यांनी १९८६ साली, पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे यांच्या मदतीनं, मुक्तांगण उभं केलं. सुरुवात झाली ती गर्दच्या व्यसनामुळे, पुढं दारूचे रुग्ण येत गेले. तिथं रुग्णांच्या बायकांसाठी 'सहचरी' गट आहे, हे मला त्या संस्थेचं फार मोठं काम वाटतं. त्या गटात बायको नवऱ्यावर पांघरूण घालायचं थांबवते. दारू त्यानं प्यायली, पण तिचं शरीर, तिची झोप, मुलांसमोरचा तिचा आवाज बिघडला, याचीही एक गोष्ट असते आणि तिलाही बरं व्हायचं असतं. स्वतः पिणाऱ्या बाईची गोष्ट तर त्याहून अडलेली. पुरुष 'मी बेवडा होतो' म्हणाला तर लोक त्याच्या धीराचं कौतुक करतात. बाईनं तेच म्हटलं तर तिच्या मुलीच्या लग्नाचं काय, असं विचारतात.

आणखी एकाची गोष्ट आपण ऐकून घेत नाही: जो परत प्यायला, त्याची. १९३९ साली अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमसनं आपलं पुस्तक छापलं तेव्हा त्याचा उत्तरार्ध सुटलेल्या माणसांच्या गोष्टींचा होता. त्यांतली एक गोष्ट लगेच पुढच्या छपाईत काढून टाकावी लागली. सांगणारा पुन्हा प्यायला होता. स्वतःच्या पिण्याबद्दल लिहिणारी त्यातली एकमेव स्त्रीही पुढं पुन्हा प्यायली आणि त्यातच गेली. म्हणजे छापलेल्या, कौतुक झालेल्या गोष्टीनं माणसाला कायमचं वाचवलं असं झालं नाही. हे कळल्यावर मला त्या पुस्तकाबद्दल अविश्वास वाटला नाही; ते जास्त खरं वाटलं. घसरलेला माणूस व्यसनमुक्ती केंद्रात परत येतो तेव्हा त्याला आधीच्या वेळेपेक्षा दुप्पट लाज असते. घरच्यांनी पैसे भरून झालेले असतात, साहेबांनी एकदा रजा मंजूर करून झालेली असते, आणि 'हा सुधारणार नाही' असा निकाल लागलेला असतो. पण कुठल्या क्षणी हात ग्लासाकडे गेला, कुणाच्या लग्नात 'एक घे रे, एकानं काय होतं' म्हणत कुणी आग्रह केला, आदल्या आठवड्यात किती सभा चुकल्या होत्या, हे अगदी ताजं ताजं त्यालाच ठाऊक असतं. शेजारी बसलेल्या, अजून न घसरलेल्या माणसाला त्याची गरज असते. म्हणून माझी केंद्रांकडे आणि घरांकडेही एवढीच मागणी आहे: जो परत आला आहे, त्याला आधी बोलू द्या. का प्यायलास, हे विचारायची घाई करू नका. कसं घडलं, ते त्याच्या क्रमानं सांगू द्या, आणि त्यानं मागितलं तर कामही द्या.