वळवाच्या आधीचा वारा

मे महिन्यातली दुपार मनात आणा. चारचा सुमार. झाडाचं पान हलत नाही, सदरा पाठीला चिकटलाय. आहात तिथेच स्वस्थ बसा, श्वास सावकाश होऊ द्या.

क्षितिजावर ढग चढतो आहे, दहा-बारा किलोमीटर उंच. त्याच्या पोटात वर जाणारी गरम हवा पाण्याला आणि गारांना पेलून धरते आहे. ते पेलणं थोडा वेळ मनात धरा.

मग भार अनावर होतो. पाऊस सुटतो, पण खालची हवा कोरडी. बरेच थेंब वाटेतच विरतात. विरताना हवेतली उष्णता घेतात. हवा गार होते, गार झाली की जड होते, जड झाली की कोसळते. जमिनीवर आपटून ती अंगणात उपड्या केलेल्या घागरीतल्या पाण्यासारखी चहूकडे पसरते. तोंडावर आडवा लागणारा वारा मुळात वरून पडलेला असतो. इथे जरा थांबा.

1975 साली न्यूयॉर्कच्या विमानतळाजवळ एक विमान कोसळलं. त्या अपघाताच्या अभ्यासातून हवामानशास्त्रज्ञ टेत्सुया फुजिता यांनी असे कोसळणारे झोत ओळखले. अनेक तज्ज्ञांना ते आधी पटलंच नाही.

आता वेग. ताशी 60 किलोमीटरचा वारा चौरस मीटरभर भिंतीवर साधारण 17 किलोचा रेटा देतो. वेग दुप्पट करा. रेटा चौपट होतो, 68 किलो. 3 जून 2020 रोजी ‘निसर्ग’ चक्रीवादळ अलिबागच्या दक्षिणेला किनाऱ्यावर आलं, तेव्हा झोत ताशी 120च्या घरात होते. नारळी-पोफळीच्या वाड्या आडव्या का झाल्या, ते या हिशोबात दिसतं. आणि 1996 साली ऑस्ट्रेलियाच्या बॅरो बेटावर ‘ऑलिव्हिया’ चक्रीवादळात 408चा झोत मोजला गेला. रेटा पाऊण टनाहून जास्त! मला तो अजून नीट कल्पता येत नाही.

वळीव तिथवर जात नाही. त्याला गरजही नाही. सैल पत्रा, वाळकी फांदी, गंजलेला फलक पाडायला 80चा झोतही पुरतो. आणि जोराचा झोत बरेचदा पावसाच्या आधीच येतो, आपण गारव्याकडे तोंड करून उभे असताना. तो गारवा जरूर घ्या, पण घरात येऊन. गच्चीवर, झाडाखाली किंवा जाहिरातीच्या फलकाखाली थांबू नका.