साठीनंतरची धाव

बारामतीच्या लता भगवान करे आठवतात? मोलमजुरी करणाऱ्या. नवऱ्याच्या तपासणीला पैसे नव्हते, म्हणून साठी ओलांडलेली ही बाई बारामतीच्या मॅरेथॉनमध्ये ज्येष्ठांच्या शर्यतीत उतरली. अंगावर नऊवारी, पाय अनवाणी. तीन किलोमीटर धावली आणि पहिली आली! पुढे त्यांच्यावर सिनेमा निघाला. त्यात लताबाईंची भूमिका स्वतः लताबाईंनीच केली आणि 67व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत त्यांचा विशेष उल्लेख झाला.

आपण टाळ्या वाजवतो. खरं तर औषधपाण्यासाठी म्हातारपणी धावावं लागणं ही कौतुकाची नव्हे, लाजेची गोष्ट. पण त्या पायांत बळ आलं कुठून? कुठल्या व्यायामशाळेतून नव्हे, रोजच्या राबण्यातून. आणि धावायला कारण होतं, घरचं माणूस.

आपण मात्र मायेपोटी म्हाताऱ्यांकडून एकेक कारण काढून घेतो. बारामतीजवळच्या सांगवीतही, नीरा नदीच्या काठी, आत्ता कुणी लेक म्हणत असेल, "अण्णा, आता बसा निवांत." अण्णांना बसायचं नसतं. त्यांना गुरांना वैरण टाकायची असते, उसाला पाणी पोचलं का ते बघायचं असतं. जाऊ द्या त्यांना बांधापर्यंत. सोबत नातवाला धाडा, म्हणजे झालं.